बकुळी आणि परतधुकं

निळकुंडाच्या खोऱ्यात मेंढ्या फिक्या निळ्या असतात आणि नदीचं पाणी जांभळट. तिथं गावापासून लांब, एका टेकडीवर बकुळी आपल्या येसाक्काबरोबर राहायची. येसाक्का तिची नात्यानं कोणी नव्हती. आईबाप नसलेल्या या पोरीला तिनं घरात घेतलं आणि वाढवलं, इतकंच.

येसाक्का घोंगड्या विणायची. लाल मोर, हिरवे मासे, इवल्या इवल्या पिवळ्या चांदण्या, सगळं तिच्या घोंगड्यांवर उतरायचं. पण बकुळी घरात आली तेव्हाच येसाक्काचे डोळे अधू व्हायला लागले होते, आणि आता तर पार गेले होते. रंगच दिसेनात, मग विणणार काय? माग बंद पडला. बकुळी रानातून लाकूडफाटा आणायची, तो गावात नेऊन द्यायची आणि बदल्यात मिळालेल्या कण्यांची पेज दोघी प्यायच्या. परवाच चुलीवरचं भांडं उतरवताना येसाक्काचा हात चांगलाच भाजला. तेव्हापासून बकुळीला दोन घास गोड लागेनात.

त्या खोऱ्यात वर्षातून एकदा डोंगरावरून परतधुकं उतरायचं. रंगानं मोतिया, आणि आत सोनेरी कण लुकलुकणारे. ते ज्याला शिवेल त्याचा काळ मागं जायचा. पिकल्या पेरूचं पुन्हा फूल व्हायचं, कोंबडीचं पिल्लू, भाकरीचं पीठ. असं का होतं ते कोणालाच ठाऊक नव्हतं. धुकं दिसलं की लोक दारं लावायचे, फटींत चिंध्या कोंबायचे आणि ते ओसरेपर्यंत गप्प बसायचे.

यंदा ते उतरलं तेव्हा बकुळी रानात होती. मोळी तिथंच टाकून ती पळत सुटली, तोच करवंदीच्या जाळीतून बारीकसं रडणं ऐकू आलं. आत बोटभर उंचीची एक परी होती. तिचा लिंबोणी रंगाचा चिमुकला पंख काट्यांत अडकला होता.

आम्ही पऱ्या कळीतून जन्मतो, तिनं सांगितलं. धुकं लागलं तर मी पुन्हा कळी होईन, आणि कळी उमलेलच असं नाही. पण तू थांबू नकोस, नाहीतर तू तान्ही होऊन इथंच पडशील.

बकुळी घाबरली होती, तरी ती खाली बसली. घाईत ओढला असता तर पंख फाटला असता, म्हणून तिनं एकेक काटा बाजूला केला. हात ओरबाडून निघाले. धुकं अगदी पावलांशी आलं तेव्हा परी सुटली, पंख पसरून बकुळी आणि धुक्याच्या मधोमध उभी राहिली, आणि धुकं जागच्या जागी थबकलं.

“मोकळी असले की ते माझं ऐकतं,” परी म्हणाली. “एक इच्छा माग. पण धुकं आहे तोवरच.”

बकुळीला विचार करावा लागला नाही. “आमच्या अक्काला दिसू दे.”

परी म्हणाली, “धुकं नुसते डोळे मागं नेत नाही, बाळ. सगळं माणूस मागं नेतं. तिची नजर चांगली होती, तेव्हा तू तिच्या घरी नव्हतीस. ती तुला ओळखणार नाही. आणि तू सांगायचंही नाही. सांगितलंस, तर डोळे पुन्हा जातील.”

बकुळीला रडू फुटलं. ती पुष्कळ रडली. मग ओढणीनं तोंड पुसून म्हणाली, “चालेल. तिचा हात भाजतो गं.”

मग परीनं धाग्याएवढं धुकं टेकडीवर नेलं. ते दाराच्या फटीतून आत शिरलं आणि थोड्या वेळानं बाहेर आलं. खोऱ्यात लख्ख ऊन पडलं. बकुळी अंगणात उभी होती, पण आपल्याच घराचं दार ढकलायचा तिला धीर होईना.

दार आतून उघडलं. येसाक्काचे केस काळे झाले होते, हातावर डाग नव्हता. डोळे किलकिले करून तिनं ऊन पाहिलं, मग बकुळीकडे पाहिलं.

“कोण गं तू? कोणाची?”

“कोणाची नाही,” बकुळी म्हणाली. “तुम्हाला फाटा हवाय का?” तिनं अक्काला तुम्ही म्हणायची ही पहिलीच वेळ होती.

येसाक्का तिचे ओरबाडलेले हात पाहत राहिली. फाट्याचं नंतर बघू, ती म्हणाली, आधी आत ये, हळद लावू. हळद लावून झाली, पेज पिऊन झाली. मग तिनं मागावर लाल धागा ताणला आणि दुसरं टोक या अनोळखी मुलीच्या हातात दिलं. किती वेळ तरी दोघी काम करत होत्या.

“तुला जायचं आहे का कुठं?” येसाक्कानं विचारलं.

“नाही.”

“मग राहा इथंच.”

परी खिडकीत बसून हे ऐकत होती. बकुळीनं तिच्याकडे पाहिलं आणि हळूच विचारलं, हेही तूच केलंस ना? परीनं नाही म्हणून मान हलवली.

“हे मी नाही केलं,” ती म्हणाली, “ती तशीच आहे.”

एवढं बोलून तिनं पंख झटकले. खिडकीत गुलाबी-सोनेरी उजेड भरला आणि विरला, आणि त्यात परीही विरून गेली. येसाक्कानं वर पाहिलं, ऊन छान पडलंय म्हणाली, आणि बकुळीला धागा नीट धरायला सांगितलं.