भागुनानांचा पेन्शनीचा अर्ज

"सून गुणाची आहे गं, पण हुशार फार. बी.कॉम. झालीय. आमच्या ह्यांना बघून मनातल्या मनात हसत असेल."

सासूबाई हे शेजारच्या ठकूबाईंना म्हणत होत्या. मोरीत भांडी विसळणाऱ्या केतकीनं ते ऐकलं. ऐकायचं नव्हतं, पण मोरीला दारच नव्हतं. लग्नाला महिना झाला होता आणि घरात ती अजून हूं की चूं करत नव्हती. पण हसत होती, हे मात्र खरं. 'हुशार फार' ऐकल्यावर तिनं तेच पातेलं तीनदा विसळलं.

आता गाव म्हटलं की त्यात एक भोळा असतोच. या गावचा भोळा म्हणजे केतकीचे सासरे, भागुनाना. सरकारी पाटकरी. कालव्याची दारं उघडायची, मिटायची, ज्याच्या त्याच्या पाळीला पाणी सोडायचं. रोज बारा किलोमीटर चालून गुडघे गेले, तसा नानांनी पोराच्या लग्नाच्या आधीच राजीनामा लिहिला आणि हेडक्लार्क उपासनींपुढे ठेवला.

उपासनींनी तो टराटरा फाडला.

"नाना, वेड लागलंय का? एकोणीस वर्षं नऊ महिने झालेत. आत्ता राजीनामा दिलात तर सगळी नोकरी पाण्यात. पेन्शनीचा छदाम मिळायचा नाही. वीस भरू द्या, मग स्वेच्छानिवृत्ती घ्या. तोवर एकही खाडा नको!"

"एकही?"

"एकही!"

नानांनी खाडा केला नाही. पोराच्या लग्नात मंगलाष्टकं सुरू झाली तेव्हा नवरदेवाचा बाप कालव्यावर होता. रविवारीसुद्धा गेले. रविवारी कुणाची पाळी नव्हती, पण गेलोच आहोत तर काम करावं म्हणून त्यांनी सात नंबरचं दार उघडलं. रणपिशांचा काढून ठेवलेला कांदा तरंगत शाळेपर्यंत गेला.

कालव्याचे साहेब कडाडले, "यापुढे लेखी हुकुमाशिवाय कशालाही हात लावायचा नाही!"

नानांनी तेही ऐकलं. दुसऱ्या दिवशी ते स्वयंपाकघरात चहा पीत बसले होते. केतकी भाजी चिरत होती. दूध वर आलं.

सासूबाई अंगणातून ओरडल्या, "अहो, गॅस बंद करा!"

"लेखी आहे का?"

केतकीनं विळी बाजूला ठेवली, हात पुसले, कॅलेंडरचं जुनं पान फाडलं आणि लिहिलं, 'दूध उतू जात आहे, तरी गॅस बंद करावा, ही विनंती.' नानांनी चष्मा लावून ते वाचलं, घडी करून खिशात ठेवलं आणि गॅस बंद केला. दूध तोवर जमिनीवर आलं होतं. गॅस आपल्याही हाताशीच होता, हे केतकीला फरशी पुसताना सुचलं. हे तिनं कुणाला सांगितलं नाही.

वीस वर्षं भरत आली तसे नाना पुन्हा उपासनींकडे गेले.

"उद्यापासून येऊ नको ना?"

"असं उठून जाता येत नाही, नाना! तीन महिने आधी नोटीस द्यावी लागते."

त्याच संध्याकाळी नाना विहिणीकडे, म्हणजे केतकीच्या माहेरी, जेवायला गेले. जेवण झालं. पान झालं. विहीणबाई म्हणाल्या, "बरं, या मग पुन्हा."

"असं उठून कसं जाता येईल?" नाना म्हणाले. "आज नोटीस देतो. तीन महिन्यांनी निघतो."

आठ दिवस नाना तिथूनच कालव्यावर जात राहिले. केतकीच्या आईनं फोन केला, "अगं, तुझे सासरे जात का नाहीत?" शेवटी वडिलांनी कागद काढला आणि लिहिलं, 'आपणांस आज दुपारपासून कार्यमुक्त करण्यात येत आहे.' नानांनी दोन प्रती मागून घेतल्या आणि आनंदानं घरी आले.

केतकी पोट धरधरून हसली. मनातल्या मनात.

वीस वर्षं भरली, नोटिशीचे तीन महिनेही सरले. सासूबाईंनी देवापुढे नारळ ठेवला. पेन्शन बसली की गुडघ्यांचा इलाज आणि घरखर्च, दोन्ही सुटणार होते. उपासनींनी नानांना अर्जाचा नमुना दिला.

"समजायला सोपं जावं म्हणून माझंच नाव, माझाच हुद्दा घालून भरून दाखवलाय. जसंच्या तसं उतरवून साहेबांच्या टेबलावर ठेवा. आपली अक्कल चालवू नका."

नाना घरी आले. नमुना त्यांनी सुनेपुढे ठेवला.

"पोरी, तुझं अक्षर मोत्यासारखं. जसंच्या तसं उतरव. अक्कल चालवायची नाही."

केतकीनं चालवली नाही. रात्रीची भांडी तशीच ठेवून तिनं अर्ज उतरवला. एक काना इकडचा तिकडे नाही. बरं झालं मला सांगितलं, तिला वाटलं. नानांनी लिहिला असता तर काय घोळ झाला असता!

साहेब शुक्रवारी सह्या करायचे आणि सोमवारी वाचायचे. अर्ज शुक्रवारी पोचला.

मंगळवारी उपासनी दारात उभे राहिले. शर्टाचं एक बटण वर, एक खाली. हातात हुकूम.

"ऐका! 'श्री. उपासनी यांनी स्वेच्छानिवृत्ती मागितली आहे. त्यांची सेवा अकरा वर्षे. वीस न भरल्यामुळे सदर अर्ज हा राजीनामा समजून मंजूर.' अकरा वर्षं गेली माझी! मी कधी मागितली निवृत्ती?"

नानांना मनापासून वाईट वाटलं.

"अरेरे, भाऊसाहेब, घाई केलीत. वीस भरू द्यायची होती."

"नाना!"

"बरं, माझ्या पेन्शनीचं काय झालं?"

"तुमचा अर्जच नाही आलेला! आता पुन्हा नोटीस द्या, पुन्हा तीन महिने काढा. उद्या सकाळी कालव्यावर!"

नाना गुडघे धरून ओट्यावर बसले. सासूबाईंनी पदर तोंडाला लावला. उपासनींनी अर्ज सगळ्यांच्या नाकासमोर नाचवला.

"मला फक्त एवढं सांगा, हे अक्षर कुणाचं?"

केतकी डोक्यावरचा पदर सारखा करत स्वयंपाकघरातून पुढे आली. लग्न झाल्यापासून चारचौघांत ती पहिल्यांदाच बोलत होती.

"माझं. पण भाऊसाहेब, तुमची सही फार किचकट हो. पाच कागद वाया गेले, तेव्हा कुठं हुबेहूब जमली."