दारावरचे लाल दोरे

फार फार मागची गोष्ट आहे, लहानथोर सगळ्यांनी कान देऊन ऐकावी अशी. कुठल्याशा राज्यात कोष्ट्यांचं एक गाव होतं. घरोघर माग, घरोघर पोटापुरती भाकरी.

एक दिवस तिथे एक व्यापारी आला. गाडीत झोपाळे, समया, पितळी हंडे. म्हणाला, "आत्ता घेऊन जा, मावश्यांनो. पैसे काय, सावकाश देत राहा." आणि जो वस्तू नेईल त्याच्या चौकटीला तो खूण म्हणून लाल दोरा बांधू लागला. पैसे फिटले, की दोरा सुटायचा.

दोरा म्हणजे देणं. पण गाव असं अक्कलशून्य, की दोऱ्यांतच मोठेपणा बघू लागलं! बाया दोऱ्यांना हळदकुंकू वाहू लागल्या. ज्याचे सुटत आले, तो लाजेनं आणखी काहीतरी उचलून आणायचा.

तिथल्या एका कोष्टिणीला एकुलती लेक. लेकीला बडं घर मिळावं म्हणून तिनं सारी चौकट लाल करून टाकली.

"आई, अगं हे फेडायचं कुणी?"

"गप गं! दार बघून स्थळ येतं."

आलंच. मुलाकडच्यांच्या दाराची तर दोऱ्यांखाली चौकटच दिसेना. कोष्टीण हरखली. मनात म्हणाली, एकदा सोयरीक झाली, की विहीणच भागवेल आपलं.

ऐन हळदीच्या दिवशी व्यापारी दारात उभा. "पैसे टाका, नाहीतर माग उचलतो."

कोष्टीण तशीच, हळदीच्या हातांनी, विहिणीकडे पळाली. तर विहीणच समोरून धापा टाकत येत होती!

"विहीणबाई, जरा नड होती हो..."

"अगंबाई! मी तुमच्याचकडे निघाले होते. त्या मेल्याची माणसं आमच्या दारात बसलीत."

"तुमच्या? अहो, पण तुमच्या दाराला एवढे दोरे!"

"आणि तुमच्या नव्हते का?"

दोघी भर रस्त्यात मटकन खाली बसल्या. आपल्या दाराचे दोरे काय आहेत, हे दोघींना पक्कं ठाऊक होतं. दुसरीच्या दाराचेही तेच असतील, हे एकीच्याही डोक्यात आलं नव्हतं.

दिवस मावळायच्या आत दोन्ही घरचे माग गाडीत चढले. लग्न लागलं. अंगावरची हळद उतरायच्या आधी नवरानवरी व्यापाऱ्याच्या वखारीत रोजंदारीवर विणायला बसली. कोष्टीण बाहेरून बघत राहिली.

उधारीवर मिरवणारा आपल्या लेकरांची उद्याची भाकरी आजच खाऊन बसतो.