गेनू शिपायानं कायदा पाळला

एका गावात एक भोळा शिपाई होता. गेनू त्याचं नाव. गाव कॉम्प्युटरमधलं होतं, शिपाईही कॉम्प्युटरमधलाच होता. भोळेपणा मात्र अस्सल होता.

हे गाव बनवलं होतं रेवती माळवदेनं. पुण्यातली चांगली नोकरी सोडून ती दोन वर्षं कोरेगावला वडिलांच्या घरी बसून एक खेळ तयार करत होती. खेळ असा, की डोंगरात राक्षस राहतो. तो गावाला छळतो. खेळणारा माणूस वीर बनून गावात येतो आणि शेवटी राक्षसाला मारतो. सगळं जमलं होतं. झाडं डोलत होती, विहिरीत पाणी हलत होतं. गावातली माणसं तर अशी, की वीरानं काहीही विचारलं तरी आपल्या अकलेप्रमाणं उत्तर द्यायची. राहिला होता फक्त कायदा. चोरी केली तर काय, मारामारी केली तर काय, ते कुणी गेनूला सांगितलंच नव्हतं.

आणि शुक्रवारी बंगळूरहून पै साहेब येणार होते. त्यांच्या कंपनीला खेळ आवडला तर तो जगभर जाणार. नाही आवडला तर रेवतीनं सोमवारी पुण्याला जायचं आणि जुन्या साहेबापुढं मान खाली घालून उभं राहायचं.

घरात आबा होते, तिचे वडील. तेहतीस वर्षं पोलिसात काढून हवालदार म्हणून रिटायर झालेले. एवढ्या वर्षांत कुणाचा फुकटचा चहा घेतला नाही.

"आबा, तुम्ही वीर व्हा," रेवती म्हणाली. "गावात चोऱ्या करा. शिपाई पकडतो का बघू."

"मी? आणि चोऱ्या?"

"खेळातल्या हो."

आबांनी चष्मा पुसला. "बरं," म्हणाले. जरा लवकरच म्हणाले.

रविवारी रेवतीनं गेनूला पहिला हुकूम लिहून दिला, "दुसऱ्याची वस्तू कुणी उचलली, की त्याला तुरुंगात टाकायचं."

"समजलं," गेनू म्हणाला. "अगदी समजलं."

आबा अजून वेशीपाशी पोचले नव्हते, तोवर गेनूनं भाकरीवाल्या सोनाक्काला पकडलं. तिनं गिऱ्हाइकाचं नाणं उचललं होतं.

"अरे, मी त्याला भाकरी दिली!" सोनाक्का ओरडली.

"होय. त्यानं तुमची भाकरी उचलली. तोही येतोय मागनं."

पाठोपाठ कुंभार गेला, न्हावी गेला. भक्तानं दिलेला नारळ उचलला म्हणून पुजारी गेला. तासाभरात बाजार ओस पडला आणि तुरुंगात बाजार भरला. आबांना चोरी करायला दुकानच उघडं सापडेना.

रेवतीनं कपाळावर हात मारला. राजीखुशीनं दिलेली वस्तू घेणं ही चोरी नव्हे, हे तिनं गेनूला समजावलं. मग आबांना विचारलं, "तुमच्या खात्यात कसं असतं हो?"

"साक्षीदार लागतो पोरी," आबा म्हणाले. "कुणी पाहिलं असेल तर केस उभी राहते."

रेवतीनं तसंच लिहिलं, "गावात कुणी पाहिलं असेल, तरच पकडायचं."

"समजलं. अगदी समजलं," गेनू म्हणाला.

आबा सोनाक्काच्या दुकानात गेले. शेजारीच कोंबड्या झाकायचं डालगं पडलं होतं. आबांनी ते उचललं आणि अलगद सोनाक्काच्या डोक्यावर पालथं घातलं. सोनाक्का हलली नाही. आतूनच म्हणाली, "या, गरम भाकरी घ्या." आबांनी घेतल्या. सगळ्या घेतल्या. वर चटणीचं गाडगं पण घेतलं.

हा सगळा प्रकार गेनूच्या डोळ्यांदेखत झाला. तो पुढं आला आणि त्यानं डालग्यावर टिचकी मारली.

"सोनाक्का, चोरी झाली काय?"

"काय की बाई. अंधारलंय लवकर."

"गावात कुणी पाहिलं?"

"मला तर काही दिसत नाही."

"मग गुन्हा नाही," गेनू म्हणाला आणि आबांना सलाम ठोकून गस्तीला निघून गेला. आपण स्वतः पाहिलंय, हे त्याच्या डोक्यात आलं नाही, कारण कुणी घातलंच नव्हतं.

रेवतीनं हुकूम वाढवला, "गावातल्या कुठल्याही जिवानं पाहिलं, तरी पकडायचं." घाईत लिहिलं. "माणसानं" असं लिहायला हवं होतं, लिहिलं "जिवानं".

दुसऱ्या दिवशी आबा मुद्दाम ओढ्यापलीकडच्या बागेत गेले. तिथं चिटपाखरू नव्हतं. त्यांनी एक पेरू तोडला. झाडामागून एक कोंबडी निघाली. तिनं आबांकडं एकदा पाहिलं आणि जी धूम ठोकली, ती थेट चौकीत.

"क्वॉक," कोंबडी म्हणाली.

"सविस्तर सांगा," गेनू म्हणाला.

"क्वॉक क्वॉक."

"उंची किती होती? मिशा होत्या?"

"क्वॉक."

आबा आत गेले. पण गोष्ट तिथं थांबेल तर ना! कोंबडीला चौकीची गोडी लागली. दुसऱ्या कोंबडीनं माझा दाणा खाल्ला म्हणून ती परत आली. गेनूनं दुसरीला पकडलं. दुसरीनं तिसरीवर आळ घेतला. दुपारपर्यंत तुरुंगात आबा एकटे आणि कोंबड्या सव्वीस. आबा खुर्चीत बसल्या बसल्या ओरडत होते, "अगं, काढ मला यातनं! माझ्या डोक्यावर बसलीय एक!"

रेवतीनं "जिवानं" खोडून "माणसानं" केलं. आबा मात्र घुश्शात होते.

"एका पेरूसाठी तुरुंग? शोभतं का? किरकोळ गोष्टीत दंड घ्यावा आणि सोडून द्यावं. मी असंच करायचो."

आता हे पटण्यासारखं होतं. रेवतीनं लिहिलं, "गुन्हेगारानं दंड भरला तर त्याला सोडून द्यायचं." किरकोळ हा शब्द तेवढा राहिला. अहो, दोन वर्षांची जागरणं अंगावर असली की एखादा शब्द राहतो.

"समजलं. अगदी समजलं."

मंगळवारी राक्षस डोंगरावरून खाली आला. त्यानं धान्याचं कोठार पेटवलं आणि पाटलाचे दोन बैल खाल्ले. गाव किंचाळत सैरावैरा पळत सुटलं. गेनू एकटा पळाला नाही. तो भाला सावरत राक्षसाच्या पायाशी जाऊन उभा राहिला. रेवतीला भरून आलं. म्हणाली, "बघा आबा, कसा छातीचा आहे!"

"थांबा!" गेनू राक्षसाला म्हणाला. "तुम्ही गुन्हा केलाय. दंड भरता, की तुरुंगात येता?"

राक्षस विचारात पडला. त्यालाही उत्तर द्यायला शिकवलेलं होतं. "दंड किती?" त्यानं विचारलं.

"बैलाला पाच मोहरा. कोठाराला दहा."

राक्षसानं वीस मोहरा मोजून दिल्या. मग आणखी पाच काढल्या. "हे काय?" गेनूनं विचारलं.

"उद्या एक म्हैस खाणार आहे. आगाऊ घे."

"आभारी आहे. संभाळून जा, उतारावर दगड निसटतात."

आबांनी खुर्चीच्या हातावर मूठ आपटली. "हरामखोर! जीव घेणाऱ्याला दंडावर सोडतात होय? थेट आत टाकायचा! आणि पळाला तर त्याच्या मागं लागायचं, सोडायचं नाही!"

रेवतीनं आबांच्या तोंडचं जसंच्या तसं उतरवलं. जीव घेणारा थेट आत. दंड नाही, माफी नाही. पळाला तर पाठलाग.

"समजलं. अगदी समजलं."

बुधवारी राक्षसानं म्हैस खाल्ली आणि तो डोंगराकडं पळाला. गेनू त्याच्या मागं पळाला. राक्षसानं नदी पोहून ओलांडली. गेनूला पोहता येत नव्हतं, म्हणून तो नदीच्या तळातून चालत गेला. राक्षस आपल्या गुहेत जाऊन झोपला. गेनूला कुठं वळायचं हे सांगितलेलं नव्हतं, म्हणून तो सरळ गेला. डोंगर संपला, जंगल संपलं, रेवतीनं काढलेलं सगळं जग संपलं. पुढं नुसतं निळंनिळं होतं. गेनू त्यात चालत होता. मधूनच "थांब! थांब!" म्हणत होता.

त्याला शोधून आणायला रेवतीचा अर्धा दिवस गेला. शेवटी सापडला तो जगाच्या खालच्या बाजूला, उलटा.

तिनं हुकूम दिला, "गुन्हेगार नजरेआड झाला, तर वीस मोजेपर्यंत शोधायचं. नाही सापडला तर आपल्या कामाला लागायचं."

आता आबांना चोरीची चटकच लागली होती. जेवणाचं ताट झाकून ठेवून ते वीर होऊन गावात शिरले आणि त्यांनी गेनूच्याच पाठीत एक बाण मारला. मग कडब्याच्या गंजीमागं लपले आणि वीस आकडे मोजून बाहेर आले.

"रामराम पाव्हणं," गेनू म्हणाला. बाण पाठीत तसाच. "कधी आलात? आमचं गाव फार शांत आहे बघा."

आबा इतके हसले, की त्यांना ठसका लागला. रेवती हसली नाही. गुरुवार उजाडला होता आणि दुपारची शेवटची चाचणी तेवढी उरली होती. तिनं पाण्याचा तांब्या आबांपुढं ठेवला आणि म्हणाली, "आबा, उद्या पै साहेब आहेत. माझी दोन वर्षं आहेत यात. जरा नीट सांगा ना."

आबांचं हसू मावळलं. लेकीचा चेहरा बघून त्यांना कसंनुसं झालं. ते ताठ बसले, वर्दीत असल्यासारखे. शेवटची चाचणी झाली. आबांनी सोनाक्काच्या समोरून भाकरी चोरली. सोनाक्कानं पाहिलं, पण ती पीठ मळत होती, म्हणून गप्प बसली. गेनूपर्यंत तक्रार आलीच नाही.

"हे बघ," आबा गंभीरपणं म्हणाले. "गुन्हा डोळ्यांनी बघून जो तक्रार करत नाही, तोही गुन्हेगार. त्यालाही आत घ्यायचं. मग कुणाची टाप आहे गप्प बसायची!"

रेवतीनं लिहिलं. तीनदा वाचलं. एकही शब्द राहिला नव्हता. मग सोनाक्का लगेच तक्रार करू लागली, आबा बरोबर पकडले गेले, दंड भरून बरोबर सुटले. बापलेकीनं त्या संध्याकाळी श्रीखंड आणून खाल्लं.

शुक्रवारी अकराच्या ठोक्याला पै साहेब आले. बारीक, गोरे, कमी बोलणारे गृहस्थ. चहा नको म्हणाले, पोहे नको म्हणाले आणि सरळ खेळायला बसले. रेवती त्यांच्या मागं उभी होती.

खेळ सुरेख चालला. साहेबांनी सोनाक्काकडून पैसे देऊन भाकरी घेतली, गेनू काही बोलला नाही. साहेबांनी गंमत म्हणून एक घोडा चोरला, गेनूनं पकडून दंड घेतला. साहेबांनी मान डोलावली. रेवतीचा श्वास जरा मोकळा झाला.

मग राक्षस आला. साहेबांनी तलवार उपसली. भर चौकात लढाई झाली आणि साहेबांनी राक्षसाला आडवा पाडला. काय तो जल्लोष! गावकरी नाचू लागले, ढोल वाजू लागले, सोनाक्कानं वीराची दृष्ट काढली. आता गावजेवण आणि खेळ समाप्त.

तेवढ्यात गेनू पुढं आला.

"तुम्ही जीव घेतलाय. चला आत."

"अरे, राक्षस होता तो!" साहेबांचा वीर म्हणाला.

"जीव होता. दंड नाही, माफी नाही."

वीर तुरुंगात गेला. मग गेनू नाचणाऱ्या गावाकडं वळला. "गुन्हा होताना कुणी कुणी पाहिला?" त्यानं विचारलं.

"आम्ही सगळ्यांनी पाहिला!" गाव आनंदानं ओरडलं.

"तक्रार कुणी केली?"

ढोल थांबले.

पाटील गेला, पुजारी गेला, ढोलवाले ढोलांसकट गेले. सोनाक्का दृष्टीच्या मिरच्या मुठीत धरून गेली. चौक रिकामा झाला. एकटा गेनू उरला. तो डोकं खाजवत बराच वेळ उभा राहिला.

"मीपण पाहिलं," तो म्हणाला. "तक्रार माझ्याकडं करायची होती. मी माझ्याकडं आलोच नाही."

त्यानं स्वतःचा दंड धरला, स्वतःला तुरुंगात नेलं आणि आतून कुलूप घातलं.

रेवतीनं डोळे मिटून घेतले. सोमवारची पुण्याची बस तिला दिसायला लागली. तेवढ्यात खुर्ची करकरली, आबा उठून ताठ उभे राहिले आणि त्यांनी पडद्याला कडक सॅल्यूट ठोकला.

"तेहतीस वर्षं नोकरी केली," आबा म्हणाले, "असा शिपाई पाहिला नाही."

पै साहेबांचे खांदे हलायला लागले. मग सगळे साहेबच हलायला लागले. हसून हसून त्यांनी टेबलावर डोकं टेकलं. डोळे पुसत रेवतीला म्हणाले, "खेळ आमचा झाला. कागद काढा, सही करतो. आता ते पोहेही आणा. फक्त हा शेवट करू दे. एवढं दार उघडलं की झालं."

ते परत पडद्याकडं वळले. तुरुंग गच्च भरला होता. साहेबांचा वीर गर्दीतून वाट काढत गेनूपाशी गेला.

"दार उघड."

"किल्ली शिपायाकडं असते," गेनू म्हणाला. किल्ल्यांचा जुडगा त्याच्या कमरेला खुळखुळत होता.

"शिपाई तूच ना?"

"होतो. आता मी कैदी आहे. कैद्याजवळ किल्ली कशी असेल?"

"मग दार उघडणार कोण?"

"शिपाई उघडेल की!" गेनूनं पाटलाला जरा सरकायला सांगितलं आणि भिंतीला टेकून निवांत बसला. "गस्तीवर गेला असेल. बसा साहेब, येईलच एवढ्यात."