अर्ध्या चढणीवरची कबर

थोडं टेका इथं, पुढची चढण उभी आहे. वर दिसते ती एकांड्या बाबांची गुंफा आणि ही त्यांची कबर. येणारा प्रत्येक जण विचारतो, गुंफा माथ्यावर, गाव पायथ्याशी, मग कबर अशी मधेच कशी? माझे वडील इनास दर वर्षी या चौथऱ्याला चुना लावायचे. मी बादली धरून उभा असायचो, तेव्हा त्यांनी सांगितलं तेच सांगतो.

फिरंगी यायला अजून कित्येक शतकं होती. खजूर घेऊन आलेल्या एका गलबतातून आफ्राम नावाचा माणूस आमच्या खाडीत उतरला. येशूचं नाव घेत वाळवंटात एकटे राहणारे साधू असतात, त्यांतला तो होता म्हणे. त्यानं हा डोंगर पाहिला आणि मरेपर्यंत खाली उतरणार नाही अशी शपथ घेऊन तो वर जाऊन बसला. गावाला त्याचं नाव उच्चारता येईना. लोक त्याला एकांडा म्हणू लागले.

चांगुणा नावाची एक तरुण कोळीण अधूनमधून गुंफेच्या तोंडाशी तांदूळ ठेवून यायची. तिच्याशी दोन-चार शब्द बोलत बोलतच तो आपली भाषा शिकला. अशी वर्षं गेली.

मग गावात देवीची साथ आली. आजाऱ्यांना किनाऱ्यावरच्या होड्यांच्या मांडवात नेऊन टाकलं. भीतीनं सख्खे भाऊही जवळ जाईनात. चांगुणाला लहानपणीच देवी येऊन गेल्या होत्या, म्हणून ती एकटी त्यांचं करत होती. एका सकाळी ती डोंगर चढून गेली.

"बाबा, देवाला सांगा."

"रोज सांगतोय, बाय."

"मग आता खाली या. तो ऐकेल तेव्हा ऐकेल. पाणी पाजायला माझे हात पुरत नाहीत."

त्यानं शपथेचं सांगितलं. चांगुणाला वाद घालायला वेळ नव्हता, ती उतरू लागली. वळून पाहिलं तर तो मागून येत होता, आणि रडत होता असं सांगतात.

कितीतरी माणसं गेली, कितीतरी वाचली. साथ ओसरली तरी तो मांडवातच राहिला. कधी कोणाचा पाय मोडलेला, कधी कोणी तापानं फणफणलेलं, कोणी ना कोणी असायचंच. संध्याकाळी मात्र तो डोंगराकडे तोंड करून बसायचा.

"आठवण येते?" चांगुणानं एकदा विचारलं.

"रोज येते. तिथं शांत होतं. देव अगदी शेजारी बसल्यासारखा वाटायचा."

"आणि इथं?"

"इथं बघायला सवडच होत नाही."

तो फार थकला तेव्हा गावानं ठरवलं, बाबांना शेवटचे दिवस त्यांच्या गुंफेत काढू द्यायचे. डोली केली. चांगुणाही काठी टेकत सोबत निघाली. ते या सपाटीवर आले आणि त्यानं डोली खाली ठेवायला सांगितली. खाली घराघरांतून चुलींचा धूर निघत होता, कोणाचं तरी मूल रडत होतं. तो बराच वेळ ऐकत राहिला.

"मला इथंच राहू द्या."

"बाबा, थोडंच उरलंय," चांगुणा म्हणाली.

"दिसतंय ना. इथून गुंफाही दिसते आणि तुम्हीही दिसता."

लोकांनी झावळ्यांचं छप्पर घातलं. त्याच छपराखाली, चांगुणाच्या हातचं पाणी घेऊन, काही दिवसांनी तो गेला, असं सांगतात.

आजही त्यांच्या सणाला आम्ही माथ्यावर जात नाही. प्रार्थना इथंच होते. ती संपली की गावात जे अंथरुणाला खिळलेले असतील त्यांच्या घरी जाऊन आधी त्यांना पाणी पाजायचं, मगच आपण जेवायचं. माझ्या लहानपणी सगळा गाव निघायचा. पुढे गाणारे, मागे बाया, आणि दारं सताड उघडी. आता पोरं परगावी, परदेशी गेली. बरीच घरं बंद असतात.

गेल्या वर्षी मीच आजारी होतो. वाटलं, आपल्याकडे कोण येणार? दुपारी दार वाजलं. शेजारची मोनाबाय होती, माझ्याहून म्हातारी, धापा टाकत आलेली. तिनं माझ्या मानेखाली हात घातला आणि पेला तोंडाला लावला.