केरबा डॉक्टरांचा मान

गोऱ्या साहेबांचं राज्य होतं, त्या काळी डोंगराखालच्या एका छावणीच्या गावात केरबा शिंगाडे नावाचे डॉक्टर होते. शिकून डॉक्टर झालेला त्या मुलखातला पहिलाच माणूस. सरकारी दवाखान्यापुढे तेव्हा गुलमोहर फुलायचे, टांगे उभे राहायचे, सकाळी फिनेलचा वास यायचा. पण ती दगडी इमारत, तिथल्या खाटा न्‌ पांढऱ्या चादरी फक्त गोऱ्यांसाठी होत्या. गावच्या माणसांनी मागच्या पत्र्याच्या शेडमध्ये जमिनीवर निजायचं, आणि केरबांनी तिथंच काम करायचं. गोऱ्या रोग्याला हात लावायची त्यांना मनाई होती.

एका दुपारी छावणीच्या मोठ्या साहेबाच्या मुलीचा घसा घटसर्पानं बंद झाला. गोरा डॉक्टर दौऱ्यावर होता. पोर निळी पडू लागली, तेव्हा मनाई विसरून साहेबानं केरबांना बोलावलं. केरबांनी गळ्याला छेद देऊन नळी बसवली. पोरीचा श्वास सुरू झाला.

साहेबाचे डोळे भरून आले. म्हणाला, "उद्यापासून तुम्ही दगडी इमारतीत बसा."

याच शब्दांची केरबा दहा वर्षं वाट पाहत होते. सकाळी इस्त्रीचा कोट घालून ते पायरीशी आले. तेवढ्यात तापानं फणफणलेल्या गावच्या म्हाताऱ्या धोंडाबाईला पाठीवर घेऊन तिचा मुलगा शेडकडे निघालेला दिसला. केरबांना पायरीशी पाहून म्हातारी कौतुकानं म्हणाली, "जा रे बाबा आत. आपल्यातला एक तरी जाऊ दे."

केरबांचा पाय उचलेना. ते तडक साहेबाकडे गेले.

"साहेब, माझे रोगी आत आले तरच मी येईन."

"ते जमणार नाही. हा मान फक्त तुमचा आहे."

"मग तो मला नको."

केरबा शेडमध्ये परतले. भाऊबंदांनी वेड्यात काढलं. कधीकधी त्यांनाही वाटायचं, चुकलं का आपलं? तरी गावच्या रोग्यांनाही आत घ्यावं म्हणून दरसाल ते वर सरकारकडे अर्ज धाडत आणि दरसाल नकार येई. आठव्या अर्जावर दवाखान्यातल्या गोऱ्या नर्सनंही सही केली, आणि हुकूम निघाला.

शेडमधले रोगी दगडी इमारतीत आले. एक म्हातारा खाटेवर अवघडून बसला होता. "डॉक्टर, ह्या मऊ गादीवर झोप येईना बघा. खाली निजू का?"

केस पांढरे झालेले केरबा हसले, डोळे पुसत म्हणाले, "नाही आजोबा. आता सवय करायची."

तात्पर्य: सर्वांना नाकारलेला मान एकट्याला मिळाला म्हणून अन्याय संपत नाही, सर्वांसाठी तो मान मिळवण्यातच खरा मोठेपणा आहे.