सुतारणीची परात

फार पूर्वी एका गावात एक कासारीण राहायची. बांगड्या भरायला हलक्या हाताची, पण बोलायला भारी फटकळ. घरात ती आणि तिची आंधळी सासू, दोघीच.

एकदा सेनापतीने राजाला हाकलून राज्य बळकावलं. मग काय विचारता! मोठ्याने हसायचं नाही, चौघांनी पारावर बसायचं नाही, रोज नवा हुकूम. गावच्या सुताराला सांगितलं, "माणसं अडकवायला खोडा कर."

सुतार म्हणाला, "मी पाळणे करतो. खोडे नाही."

झालं! त्याला धरून नेलं, दारात शिपाई बसवला आणि दवंडी पिटली : या घरी जो काही देईल, तो तुरुंगात जाईल.

कासारणीने दोन दिवस दार लावून घेतलं. आपल्याला नेलं तर म्हातारीला कोण बघणार? पण भिंतीपलीकडे सुताराची पोरं भुकेने रडत होती. तिच्या घशाखाली भाकरी उतरेना.

तिसऱ्या दिवशी सकाळी ती सुतारणीकडे गेली. "तुझी परात दे गं जरा."

शिपायाने अडवलं नाही. मागायला बंदी कुठे होती? दुपारी परात परत आली, ज्वारीच्या पिठाने शिगोशीग भरून.

"ए बाई, हे काय?" शिपाई ओरडला.

"पीठ आहे, दिसत नाही? शेजारणीचं भांडं रिकामं परत करायची रीत नाही आमच्यात. तुझ्या आईने तरी रिकामं परत केलं होतं का रे कधी?"

शिपायाने बाजूला सरून तिला आत जाऊ दिलं. पण कोपऱ्यावरून जमादाराने सारं पाहिलं होतं. त्याने कासारणीला धरून नेलं.

आठ दिवस ती कोठडीत होती. म्हातारीच्या आठवणीने रोज रडली. सुटली तशी धावत घरी आली.

सासू ओसरीवर पाय पसरून बसली होती, चांगली तुकतुकीत!

"आलीस का गं माझी बाय? बघ तरी, घरात एक भांडं जागेवर नाही. सगळी गल्ली मागून नेते आणि भरून आणते. काल तर तो शिपाई तांब्या घेऊन गेला, दूध घेऊन आला मेला. मी एकटी खाऊ तरी किती?"

"आणि सुतारणीकडे?"

"तिच्याकडे तर मागून न्यायला पळीसुद्धा उरली नाही म्हणे!"

कासारीण हसता हसता रडायला लागली. सेनापतीचं राज्य काही त्या दिवशी गेलं नाही. पण त्या गल्लीत कुणी उपाशी झोपलं नाही, आणि नेऊन नेऊन जमादार तरी किती जणांना नेणार?

तात्पर्य एवढंच, लेकरांनो : जुलमाची भीती वाटणारच, पण भीत भीत का होईना, शेजाऱ्याच्या दारी जावं.