चार बोटांची कणीक

एका राणीची एक बाग होती. इतकी मोठी, की सकाळी या टोकाहून निघालेलं फुलपाखरू दुपारी त्या टोकाला पोचायचं, तेही वाटेत कुठे रमलं नाही तर. तिथे लालबुंद जास्वंदी होत्या, निळीनिळी गोकर्ण होती, शेवंतीचे पिवळेधमक गेंद होते. या सगळ्या थाटाच्या मागे, कुंपणाच्या भिंतीला टेकून, एक इवलंसं खोपटं उभं होतं. त्या खोपटात बकुळा आणि तिची आई राहायच्या.

आई बागेतल्या वीस माळ्यांसाठी रोज पोळ्या करायची. त्याबदल्यात मायलेकींना पीठ मिळायचं आणि राहायला ते खोपटं. सगळं कसं छान चाललं होतं. पण एके दिवशी आई विहिरीवर घसरली आणि तिचा उजवा हात मोडला. वैद्यबुवांनी पाला बांधला, दोन फळ्या लावल्या आणि महिनाभर हात हलवायचा नाही म्हणून बजावलं. झालं, लाटणं आलं बकुळाकडे. बकुळा होती आठ वर्षांची, आणि लाटणं होतं जवळजवळ तिच्या हाताएवढं लांब.

तिची पहिली पोळी बेडकासारखी झाली. दुसरीला शेपूट फुटलं. तिसरीला मधोमध खिडकी पडली आणि खिडकीतून तवा दिसू लागला. एकही पोळी फुगायचं नाव घेईना, आणि गार झाल्या की त्या अशा कडक व्हायच्या, की एकमेकींवर आपटल्या तर टकटक वाजायच्या. माळी बिचारे भले. मुकाट्याने चावत बसायचे. त्यांतल्या भिकाआजोबांच्या तोंडात तर एकही दात नव्हता. ते पोळी पाण्यात भिजवायचे, अर्धा तास वाट बघायचे आणि म्हणायचे, "ब्येस झालीय हं, बकू." त्यांचं ते बोलणं ऐकून बकुळाला रडू यायचं.

चौथ्या दिवशी रंभाकाकू आल्या. रंभाकाकू म्हणजे राजवाड्यातल्या स्वयंपाकघराच्या मुख्य. त्यांचे डोळे कायम लाललाल असायचे, त्यामुळे त्या सदा रागावलेल्याच वाटायच्या. थोड्या असायच्याही.

"उद्या वसंताचा उत्सव," त्या म्हणाल्या. "राणीसाहेब बागेत येऊन माळ्यांच्या पंगतीत जेवणार आहेत. पहिली पोळी त्यांच्या ताटात जाईल. ती मऊ हवी, टम्म फुगायला हवी. नाहीतर पोरी, ही चूल मला दुसऱ्या बाईला द्यावी लागेल. आणि जिची चूल, तिचं खोपटं."

जाताना त्यांनी एक झिरझिरीत तलम कापड दिलं. "पीठ यातून चाळून घे. राणीसाहेबांच्या ताटात पांढरीशुभ्रच पोळी जाते."

उत्सवाची सकाळ उजाडली. बकुळा परात घेऊन सोनचाफ्याखाली बसली आणि पीठ चाळू लागली. खाली परातीत पीठ भुरभुर पडत होतं, पांढरं, गुबगुबीत. वर कापडावर उरला कोंडा. सगळं पीठ चाळून झालं तसं तिने तो झटकायला कापड उचललं, तेवढ्यात कोंड्यातून नाजूक आवाज आला.

"हळू गं. माझा पंख अडकलाय."

बकुळाने डोळे मोठे केले. कोंड्याचा एक कण लुकलुकत होता. नीट पाहिलं, तर ती होती एक चिमुकली परी. गव्हाच्या दाण्याएवढी. तिचं अंग सावळं, झगा तांबूस, केस सोनेरी, आणि पंख कोंड्याच्या पापुद्र्यासारखे पातळ. उन्हात ते कधी मधासारखे दिसायचे, कधी तांब्यासारखे. एक पंख कापडाच्या विणीत गुंतला होता. बकुळाने श्वास रोखला, नखाने एकेक धागा सारला आणि परीला अलगद तळहातावर घेतलं.

"मी कोंडापरी," परी पंख झाडत म्हणाली. "हसू येतंय ना? गुलाबपरी तर लोळून लोळून हसते."

"मला नाही आलं हसू," बकुळा म्हणाली. "तुझा रंग किती छान आहे. माझी आई पण अशीच सावळी आहे."

कोंडापरी लाजली. आणि कोंड्याची परी लाजली, की तिच्या अंगावरून सोन्याचे बारीक कण गळतात. "राजवाड्यात मला रोज चाळून बाहेर टाकतात," ती म्हणाली. "इतकी वर्षं झाली, राणीचं ताट मी अजून जवळून पाहिलं नाही. पण तू मला हळुवार सोडवलंस. आता माझा कोंडा पुन्हा पिठात घे, कणीक मळ आणि वर बोटं उमटव. जेवढी बोटं, तेवढ्या इच्छा."

मळलेला गोळा नुसता ठेवू नये, त्यावर बोटं उमटवावीत, हे आईने बकुळाला शिकवलंच होतं. तिने सगळा कोंडा पिठात मिसळला, चिमूटभर मीठ घातलं, थोडं थोडं पाणी घालत कणीक मळली आणि वर चार बोटं दाबली. चार इवले इवले खळगे पडले आणि त्यांत सोनेरी उजेड भरला.

"आता नियम ऐक," परातीच्या काठावर बसत परी म्हणाली. "माझी जादू पोळीएवढीच. पोळीत मावेल तेवढंच मागायचं. दुसरं, गरज समोर उभी असेल तेव्हाच मागायचं, आधी मागून ठेवता येत नाही. एक इच्छा पुरी झाली, की एक बोट बुजलं. आणि तिसरं, कणकेवर ओलं फडकं घाल. चाफ्याची सावली आखडून बुंध्याशी येईपर्यंत ते काढायचं नाही."

"आईचा हात बरा होईल?"

"नाही गं राणी. हाड पोळीत मावत नाही. ते त्याच्या वेळेनेच जुळणार."

बकुळाने मनात हिशोब लावला. लाटायला बसलं, की गोल मागायची, मऊ मागायची, फुगलेली मागायची. आणि चौथी इच्छा असू द्यावी हाताशी. खोपटं वाचलंच म्हणायचं. ती परातीशेजारी खुशीत पाय हलवत बसली.

थोड्या वेळाने भिकाआजोबा आले. "बकू, आज मी पंगतीत बसत नाही बघ," ते हळूच म्हणाले. "राणीसाहेबांसमोर पोळी पाण्यात भिजवत बसलो, तर बरं दिसायचं नाही." आणि बागेच्या लांबच्या कोपऱ्याकडे निघाले. पन्नास वर्षं या बागेला पाणी घातलेला माणूस, आणि उत्सवाच्या दिवशी उपाशी. "आजोबांच्या तोंडात गेलेली पोळी लोण्यासारखी मऊ होऊ दे," बकुळा पुटपुटली. फडक्याखाली काहीतरी चमकलं. आजोबांच्या कनवटीला कालची एक कडक पोळी होती. त्यांनी सवयीने तुकडा तोंडात टाकला आणि जागच्या जागी थांबले. मग अख्खी पोळी संपवून पंगतीची जागा धरायला गेले.

मग चाफ्यावरून पिटुकलं काहीतरी टपकन पडलं. खारीचं पिल्लू. डोळेही न उघडलेलं, गारठून थरथरणारं. त्याची आई फांदीवर चिकचिक करत सैरावैरा पळत होती. इथे विचार कसला करायचा? "याला पोळीएवढी ऊब मिळू दे," बकुळा म्हणाली. पिल्लू गरमगरम झालं, हातपाय हलवू लागलं, आणि आईने त्याला तोंडात धरून सुर्रकन घरट्यात नेलं.

दोन बोटं उरली. बकुळा जरा घाबरली. आता कोणी येऊ नये, असं तिला मनापासून वाटलं. आणि नेमक्या रंभाकाकू आल्या. डोळ्यांना पदर लावून त्या दगडावर टेकल्या.

"तीस वर्षांचा चुलीचा धूर आहे या डोळ्यांत," त्या म्हणाल्या. "नुसती आग होते बघ. आणि तीस वर्षांत तव्यावरची गरम पोळी माझ्या पानात पडली नाही. सगळ्यांचं होईपर्यंत आपली गारच होते." हे त्या बकुळाला सांगत नव्हत्या, आपल्याशीच बोलत होत्या.

बकुळाने फडक्याकडे पाहिलं. मग काकूंच्या डोळ्यांकडे पाहिलं. "काकूंच्या डोळ्यांना गारवा मिळू दे," ती म्हणाली, "पोळीएवढा." काकूंनी पदर काढला. डोळे निवळले होते, अगदी पाण्यासारखे. त्यांनी फुलं पाहिली, आभाळ पाहिलं आणि बकुळाकडे पाहून चक्क हसल्या.

चाफ्याची सावली बुंध्याशी आली. शिंग वाजलं. राणीसाहेब आल्या, माळ्यांच्या मधोमध पाटावर बसल्या. त्यांच्यासमोर चांदीचं ताट झळाळत होतं. बकुळाने चुलीपाशी परात ठेवून फडकं काढलं, आणि काकूंचं हसू मावळलं. आता त्यांना सगळं स्वच्छ दिसत होतं ना.

"ही कणीक तांबूस कशी? कोंडा घातलास? राणीसाहेबांच्या ताटात कोंडा नाही जायचा, पोरी. राजवाड्यातलं पांढरं पीठ आणते, ते मळ."

परातीच्या काठावर कोंडापरीने गुपचूप पंख मिटले. एकदाच चांदीच्या ताटाकडे पाहिलं आणि निघण्यासाठी उठली. तिला सवय होती.

एकच बोट उरलं होतं. दारात आई बसली होती, मोडका हात गळ्यात अडकवून. तिच्यामागे ते खोपटं होतं. बकुळाने बोट आडवं धरून परीला थांबवलं. मग ती स्वच्छ आवाजात म्हणाली, "राणीसाहेबांच्या ताटात कोंडापरीला जागा मिळू दे. पोळीएवढीच."

शेवटचं बोट बुजलं. त्याच क्षणी वाऱ्याची झुळूक परातीवरून पाटाकडे गेली. "थांबा रंभाकाकू," राणीसाहेब म्हणाल्या. "शेतातून आल्यासारखा वास येतोय. मला याच कणकेची पोळी हवी."

आता जादू संपली होती आणि पोळी व्हायची होती. बकुळाने गोळा घेतला. पण हा गोळा रोजच्यासारखा नव्हता. रोज ती मळल्या मळल्या घाईने लाटायची. आज कणीक सकाळपासून मुरली होती, कोंडा पाणी पिऊन तृप्त झाला होता आणि गोळा कानाच्या पाळीसारखा मऊ लागत होता.

"बकू," दारातून आई म्हणाली, "मधे जोर देऊ नको. कडा पातळ कर, पोळी आपली आपण फिरेल."

बकुळाने कडा लाटल्या. पोळी फिरली. फिरता फिरता गोल झाली, अगदी पौर्णिमेच्या चंद्रासारखी. तव्यावर पडली, बुडबुडे आले, उलटली. चिमट्याने तिने ती निखाऱ्यांवर धरली. क्षणभर काहीच झालं नाही. वीस माळ्यांनी श्वास रोखला. आणि मग पोळी फुगली. आधी एका बाजूने, मग दुसऱ्या, मग सगळीच्या सगळी, टम्म. भिकाआजोबा इतक्या मोठ्याने हसले, की पारव्यांचा थवा उडाला.

पोळी ताटात आली. राणीसाहेबांनी तिला बोट लावलं, वाफेचा फुसकारा उडाला आणि वाफेतून सोनेरी उजेड फाकला. मधाचा, तांब्याचा, चाफ्याचा. उजेडात कोंडापरी दिसली. चांदीच्या ताटाच्या अगदी मधोमध, राणीसारखी बसलेली. तिने बकुळाकडे पाहून हात हलवला. मग उजेड वर वर गेला, पानापानांतून झिरपला आणि ती दिसेनाशी झाली.

राणीसाहेबांनी एक पोळी खाल्ली, दुसरी खाल्ली, तिसरी मागितली. आणि तीन पोळ्या वाढत नाहीत, म्हणून चौथीही घेतली. "ही चूल आणि हे खोपटं कायमचं या मायलेकींचं," त्या हात पुसत म्हणाल्या. "आता बकुळा, तुला काय हवं ते सांग."

बकुळाने आईकडे पाहिलं, काकूंकडे पाहिलं. "माझ्या आईने आणि काकूंनी गरम पोळी कधी खाल्लीच नाही," ती म्हणाली. "आज त्यांना आधी मिळाली तर बरं होईल."

राणीसाहेब उठल्या, पैठणीचा पदर खोचला आणि चुलीपुढे बसून लाटणं हातात घेतलं. आयुष्यात पहिल्यांदाच. काकूंना आणि आईला त्यांनी पाटावर बसवलं, चांदीचं ताट समोर ठेवलं.

तेव्हापासून त्या बागेत पहिली गरम पोळी पीठ लागलेल्या हातांना मिळते. चार बोटांची गोष्ट चार घासांत सरली. त्या दिवशीची राणीसाहेबांची पहिली पोळी तेवढी बेडकासारखी झाली होती, आणि ती फुंकर घालून खाताना आईला कितीतरी वेळ हसू आवरत नव्हतं.